निंबापलीकडची घागर

टँकरचा हॉर्न वाजला की माझा उजवा हात आजही पदराखाली जातो. मुद्दाम नाही हो, आपोआप. परवा बीडला आमच्या अपार्टमेंटसमोर या उन्हाळ्यातला पहिला टँकर आला, ड्रायव्हरनं दोनदा भोंगा मारला, आणि नळी धरायला धावलेल्या खालच्या मजल्यावरच्या वहिनी मला ओरडून म्हणाल्या, "मॅडम, हात दुखतोय का? डॉक्टरला दाखवा की एकदा!" मी म्हटलं, दुखत नाही, सवय आहे. त्यांना ते पटलं नसावं. मी मनगटात घड्याळ घालत नाही, हेही त्यांना पटत नाही. शाळेत इंग्रजीची बाई आणि घड्याळ नाही! पोरीसुद्धा हसतात. हसू देत.

टँकर निघून गेला, रस्त्यावरचा ओला पट्टा बघता बघता वाळला, आणि मी गॅलरीत तशीच उभी राहिले. ओल्या मातीचा वास लोकांना आवडतो म्हणे. मला नाही आवडत. ओतून दिलेल्या पाण्याचा वास मला पावसाच्या आधी आठवतो, त्याला माझा इलाज नाही.

आमचं गाव पाटोद्याहून आत, डोंगराच्या कुशीला. ज्या वर्षाचं मी सांगतेय त्या वर्षी उन्हाळा संक्रांतीलाच लागला. ऊसच नव्हता, म्हणून कारखान्याचा बॉयलर लवकर विझला आणि तोडीला गेलेली माणसं होळीच्या आधीच परत आली. एरवी चैत्रात निम्मं गाव कुलूपबंद असायचं. त्या वर्षी घरं भरलेली आणि विहिरी रिकाम्या. आमच्या परसातल्या आडात दगड टाकला तर 'डुबुक' न वाजता 'टक्' वाजायचं. मी रोज सकाळी एक दगड टाकून बघायचे. काकू ओरडायची, "अगं, दगडानं भरायचाय का त्यो आड?"

काकू म्हणजे माझी चुलती. वडील मी सहा वर्षांची असताना गेले, आणि मला वाढवलं चुलत्यांनी, तात्यांनी. तात्या गावच्या सेवा सोसायटीचे चेअरमन. माणूस दांडगा, आवाज त्याहून दांडगा. खोटं कशाला सांगू, गावाला टँकर मिळाला तो त्यांच्यामुळंच. तहसीलच्या पायरीवर चार दिवस ठिय्या मारून बसले होते. मी बी.ए. झाले तेव्हा त्यांनी स्वतः बीडला जाऊन माझ्यासाठी घड्याळ आणलं. चौकोनी, सोनेरी पट्ट्याचं. मी ते उजव्या मनगटात बांधायचे. आख्ख्या गावानं ते हातात घेऊन बघितलं, कानाला लावून बघितलं. घरात घड्याळ घालणारी पहिली बाई मी. पाटोद्याच्या शाळेत मला चिकटवायचा शब्दही त्यांनी टाकून ठेवला होता. त्यांच्यासमोर मी कधी मान वर करून बोलले नाही. तशी वेळच आली नव्हती, असं मला वाटायचं.

सोसायटीच्या खताच्या गोदामाला लागून सिमेंटची टाकी होती, तिला चार तोट्या. टँकर टाकीत ओतायचा, बाया तोटीवर भरायच्या. पण टँकर कधी येईल याचा नेम नाही, आणि तासन् तास उन्हात कोण उभं राहणार? म्हणून बायांऐवजी घागरी उभ्या राहायच्या. पहाटे घागर नेऊन ठेवली की तुमचा नंबर लागला. लाल, निळ्या, हिरव्या प्लॅस्टिकच्या घागरी, पितळी हंडे, पत्र्याचे डबे. कुणी ऑइलपेंटनं नाव घातलेलं, कुणी गळ्याला चिंधी बांधलेली, कुणी वाऱ्यानं उडू नये म्हणून आत धोंडा टाकलेला. कोण कुणाशी बोलत नाही, कुणाचं कुणाशी जमलं, सगळं त्या ओळीत वाचता यायचं. सासू-सुनेचं फाटलं की दोघींच्या घागरींत तिसरीची घागर यायची.

ही ओळ तोटीपासून निंबाच्या झाडापर्यंत जायची. निंबाच्या पलीकडं दुसरी ओळ. सात-आठच घागरी. त्या माळावरच्या वस्तीच्या. गावाची ओळ संपली की मग त्यांनी भरायचं, उरलं तर. त्यांच्या जातीचं नाव मी इथं घालत नाही. नाव वाचलं की वाचणारा मान डोलावतो, 'हां हां' म्हणतो आणि मोकळा होतो. नियम कुठं लिहिलेला नव्हता. सोसायटीच्या ठरावात नाही, भिंतीवर नाही. पण गावातलं शेंबडं पोरसुद्धा निंबापलीकडची घागर अलीकडं आणत नसे, आणि अलीकडची पलीकडं नेत नसे.

अशा गावात दिमित्रा आली.

ग्रीसची. एकटी सिनेमे काढायची. बीडच्या कॉलेजातले माझे एक सर तिला घेऊन आले. दुष्काळातलं गाव, कडेची माणसं, असं काहीतरी तिला करायचं होतं. आम्हाला वाटलं सिनेमावाली म्हणजे गाड्या येतील, छत्र्या येतील, हिरॉइन येईल. आली एकटी बाई, उन्हानं रापलेली, कुरळ्या केसांचा बुचडा, गुडघ्यावर फाटलेली पँट. एका खांद्याला कॅमेरा आणि दुसऱ्या खांद्याला तीन पायांची घोडी. काकू म्हणाली, "हिच्या घरी कुणी हाय का न्हाई इचारणारं?" गावाला 'दिमित्रा' म्हणायला जड गेलं, म्हणून दोन दिवसांत ती मित्राबाई झाली. तिच्याबरोबर फिरून इंग्रजीचं मराठी आणि मराठीचं इंग्रजी करायचं काम माझ्याकडं आलं. काय सांगू माझा तोरा! पायाला माती लागत नव्हती माझ्या.

तिचंही गाव डोंगरातलंच होतं. माणसं शहराकडं गेली, शेळ्या उरल्या, मग शेळ्याही गेल्या, असं ती सांगायची. तिला चुलीपुढं बसवलं की कॅमेरा विसरून आधी भाकरी थापायची. आणि तिला सगळ्यात आवडायची ती माळावरची गिरजा. गिरजा तिशीची असेल. दर वर्षी नवऱ्याबरोबर कोयत्यावर, म्हणजे ऊसतोडीला जायची, बोलायला फटकळ, हसली की हिरड्या दिसायच्या. कडेवर दोन वर्षांची पोर, आणि डोक्यावर तांब्याची घागर, आईकडून आलेली, तीन ठिकाणी चेमटलेली. आख्ख्या रांगेत तेवढी एकच तांब्याची. गिरजा ती रोज चिंचेनं घासायची. पाणी नाही, पण चिंच होती.

आल्याच्या तिसऱ्या दिवशी दिमित्रानं विचारलं, "त्या घागरी झाडापलीकडं वेगळ्या का ठेवल्यात?"

आता बघा, इथं मी खरं सांगायला हवं होतं. ती त्याच्यासाठीच तर आली होती. पण पाहुण्यांसमोर घरातलं झाकायचं, हे आम्हाला दूध पाजतानाच शिकवलेलं. घरात भांडण चालू असलं तरी दारात पाहुणा दिसला की काकू कशी हसते, ते मी बघत आले होते. मला लाज वाटली. मी म्हटलं, "त्या लांबून येतात ना, उशीर होतो त्यांना. म्हणून त्यांचा नंबर मागं."

तिनं मान हलवली. विश्वास ठेवला. का नाही ठेवणार?

पुढं चार-पाच दिवसांनी, सकाळी सातचा सुमार. ऊन अजून तिरपं होतं. दिमित्रानं घोडीवर कॅमेरा लावला होता आणि डोळा लावून घागरींची ओळ बघत होती. टाकीजवळ आम्ही दोघीच. बाया घरी चुलीपाशी. ती मान वर न काढताच म्हणाली, "ती तांब्याची. ती तिथं लाल आणि निळीच्या मधे ठेवतेस? दोनच मिनिटं. ऊन बघ कसं पडेल तिच्यावर."

नाही म्हणावं, तर का नाही ते सांगावं लागणार. ते सांगावं, तर चार दिवसांपूर्वी मी खोटं बोलले हे निघणार. मी इकडं बघितलं, तिकडं बघितलं. चिटपाखरू नाही. दोन मिनिटांचं तर काम. मी निंबापलीकडं गेले, गिरजाची घागर उचलली, गळ्यात हात घालून, आणि अलीकडं आणून लाल नि निळीच्या मधे ठेवली. लाल घागर काकूची होती. एवढंसंच काम. ऊन तांब्यावर पडलं आणि दिमित्रा स्वतःशीच काहीतरी ग्रीकमधे बोलली. सुंदर दिसत होतं, त्यात वाद नाही.

आणि भोंगा वाजला.

टँकर कधी नव्हे तो इतक्या सकाळी. घराघरांतून बाया धावत सुटल्या. मी घागर उचलायला वाकले तोवर चौघी-पाचजणी येऊन ठेपल्या होत्या. त्यांच्या देखत निंबापलीकडची घागर माझ्या हातात? मी तशीच मागं सरले. पहिल्या घागरी भरायला लागल्या. काकूनं आपली लाल घागर भरली, पितळी हंडा भरला, दुसरा हंडा भरला, आणि मग तिची नजर शेजारी गेली.

"ही घागर कुणाची?"

टाकीत पाणी पडायचा आवाज तेवढा. गिरजा निंबापाशी पोचली होती, पोर कडेवर. तिनं आपल्या जागेकडं बघितलं, तिथं घागर नाही. मग इकडं बघितलं.

"गिरजे, कावून ठिवली गं हितं?" काकू म्हणाली. आवाज चढवला नव्हता. तेच वाईट होतं.

"म्या न्हाई ठिवली, मालकीणबाई. म्या तर आता आले."

"मग घागरीला काय पाय फुटले?"

"लेकराची आण. म्या निंबाखालीच ठिवलती."

मी तीन हातांवर उभी. उजवा हात ओढणीखाली. तोंड उघडायचा प्रयत्न केला, हे मी शपथेवर सांगते. पण दातखीळ बसावी तसं झालं. मनात दोनच गोष्टी फिरत होत्या: तात्या, आणि शाळेतली नोकरी. गिरजा नव्हतीच त्यात. आज लिहिताना तेच जास्त लागतं.

काकूनं लाल घागर उचलली आणि जमिनीवर ओतली. मग पहिला हंडा. मग दुसरा. सावकाश, कडेनं, अंगणात सडा घालावा तसं. मागच्या बायांच्या डोळ्यांसमोरून ते पाणी धुळीत गेलं. एकीनं नुसतं "अगं आई" म्हटलं. एवढ्या कडक उन्हाळ्यात, एवढं पाणी. चिखल झाला, त्यातून तो वास उठला, आणि एक चिमणी येऊन त्यात चोच मारायला लागली. कॅमेरा चालूच होता.

"काय झालं?" दिमित्रानं हळूच विचारलं.

"नंबरावरून भांडतायत," मी म्हटलं. दुसरं खोटं पहिल्यापेक्षा सोपं गेलं.

तासाभरात निकाल लागला. तात्या सोसायटीच्या पायरीवर आले, बायांचं ऐकलं, गिरजाकडं बघितलं सुद्धा नाही. म्हणाले, "माळाची वळ बंद. माफी मागितल्याबिगर थेंब न्हाई. आन् घागर सोसायटीत जमा." शिपायानं घागर उचलली नाही, काठी गळ्यात घालून ती आत नेली आणि कपाटाशेजारी उपडी घातली.

दिमित्राला त्याच दिवशी बीडला जायचं होतं, बॅटऱ्या आणि कॅसेटींचं काहीतरी काम होतं. मी तिला एसटीपर्यंत सोडायला गेले. फाट्यावर अर्धा तास आम्ही दोघीच. तिनं पुन्हा विचारलं, "आपल्यामुळं तर नाही ना झालं काही?" मी म्हटलं, "छे!" गाडी आली, ती खिडकीतून हात हलवत गेली, आणि मी तिथंच दगडावर बसले.

पुढचे तीन दिवस मी कसे काढले ते माझं मलाच माहीत. जेवताना तात्यांनी नुसतं "नंदे" म्हटलं तरी घास हातातच राहायचा. ते पुढं म्हणायचे, "मीठ दे." मला वाटायचं, कळलं. शिपाई माझ्याकडं बघून हसला, वाटलं, यानं बघितलं. रात्री नाही, दुपारीच जास्त भीती वाटायची. सगळं गाव झोपलेलं, पांढरं ऊन, आणि माळाकडून पोर रडल्याचा आवाज येतोय असं वाटायचं. माळ अर्ध्या मैलावर. आवाज येणं शक्य नाही. पण यायचा.

दुसऱ्या दिवशी तशा दुपारी मी पाच लिटरचा डबा भरला, सायकलच्या कॅरियरला बांधला, वर पोतं टाकलं. निंबापर्यंत गेले. निंबाखाली सोसायटीचा शिपाई बसलेला, पाय पसरून, विडी ओढत. तो म्हणाला, "कुणीकडं ताई, एवढ्या उनाचं?" मी म्हटलं, "शेताकडं. कोंबडीला पाणी." शेतात कोंबडी! तो हसलासुद्धा नाही. मी सायकल वळवली, शेतात गेले, वाळलेल्या तुरीच्या धसकटांत बसले आणि त्या डब्यातलं पाणी मीच प्याले. तहान लागली नव्हती. पण परत नेता येत नव्हतं, ओतून देता येत नव्हतं.

माळावरची माणसं तेवढे दिवस नदीतल्या झिऱ्यावर जात होती, तीन कोस. झिऱ्याचं पाणी हिरवं. गिरजाच्या पोरीला हगवण लागली. ती पोर मी एरवी पाहिली होती, एका जागी ठरायची नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी गिरजा तिला खांद्यावर टाकून सोसायटीसमोर आली तेव्हा पोरीची मान पडलेली होती आणि डोळे आत गेले होते. गाव जमलं. मी काकूच्या मागं.

गिरजा पायरीखाली बसली, डोकं टेकलं, आणि म्हणाली, "चुकलं माझं, मालक. घागर म्याच ठिवली. माझ्याच हातानं ठिवली. पुन्यांदा न्हाई व्हायचं."

"कावून ठिवलीस?" तात्यांनी विचारलं.

कारण तिला माहीतच नव्हतं ना! मग म्हणाली, "उशीर व्हतोय म्हनून. पोरगी तहानलीती."

माझं खोटं, जे मी परदेशी बाईला सांगितलं होतं, तेच तिनं कुठूनसं शोधून काढलं.

"जा, भरून घे," तात्या म्हणाले. "घागर मातर ऱ्हाऊ दे हितं. ध्यानात ऱ्हाईल." आणि खिशातून पोरीसाठी गोळ्यांची पुडी काढून दिली. हो, दिली. तात्या असे होते. पोर जगली, हे आत्ताच सांगते, नाहीतर तुम्ही त्याच काळजीत वाचत राहाल. मी आठ दिवस त्या काळजीत होते.

त्या दुपारी दिमित्रा परतली, हातात एक खोकं घेऊन. भाड्यानं आणलेला प्रोजेक्टर. म्हणाली, जिथं सिनेमा करते तिथल्या माणसांना जायच्या आधी दाखवते, हा माझा नेम आहे. गोदामाची पांढरी भिंत तिनं आधीच हेरून ठेवली होती. तात्या खूश. जनरेटरची सोय त्यांनीच केली.

माझी पाचावर धारण बसली. मी तिला म्हटलं, "ते घागरींचं फार लांबलं असेल, नाही? कंटाळतील लोक. कापून टाक."

"ते? ते तर सगळ्यात चांगलंय." ती हसली. "शिवाय त्यात तू आहेस. मी काही हलवलं की ते लपवत नाही. हलवताना दिसलं पाहिजे. नाहीतर बघणाऱ्याला फसवल्यासारखं होतं."

एवढी खरी बाई, आणि तिच्या शेजारी मी. तेव्हाही सांगता आलं असतं. तिनं कापलं असतं, किंवा तात्यांसमोर जाऊन उभी राहिली असती. दुसऱ्या शक्यतेनंच मी गप्प राहिले. जनरेटरची वायर कुठून जाते ते बघून ठेवलं, एवढाच माझा पराक्रम. तीसुद्धा तोडायचा धीर झाला नाही.

दिवेलागणीला सगळं गाव गोदामासमोर. म्हातारी माणसं पोत्यांवर, तात्या खुर्चीवर, पोरं टाकीवर चढून बसलेली. आणि निंबापलीकडं, अंधुक उजेडात, माळावरची माणसं. गिरजा होती. पोर मांडीवर. भिंतीवर गाव उमटायला लागलं तशी नुसती धमाल. "आरं, ते बग आमचं बैल!" "काकू, तुमी लई बारीक दिसताव!" स्वतःचं तोंड एवढं मोठं बघून माणसं हसून हसून लोळत होती. मी भिंतीकडं बघतच नव्हते. जमिनीकडं बघत होते, आणि कानांनी सिनेमा मोजत होते.

मग सगळं शांत झालं. मी मान वर केली.

भिंतीवर घागरींची ओळ. डावीकडून एक हात आला. बैलगाडीएवढा. हिरव्या बांगड्या, आणि चौकोनी घड्याळ, सोनेरी पट्ट्याचं. हातानं तांब्याची घागर लाल आणि निळीच्या मधे ठेवली, जरा सरळ केली, आणि गेला.

जनरेटर घरघरत होता. ते घड्याळ आख्ख्या गावानं कानाला लावून बघितलेलं होतं. एकेक मान माझ्याकडं वळली. काकूची वळली. मी मनात म्हटलं, आता. आता तात्या उठतील. इतके दिवस ज्याची भीती होती ते होऊन जाऊ दे एकदाचं, असंही वाटलं, खरंच वाटलं.

तात्या हसले.

"आरं तिच्या! आमच्या नंदीनं पिच्चरमधी काम केलं की बे!"

आणि सगळे हसले. कुणीतरी शिटी मारली. टाळ्या पडल्या. काकू माझ्या दंडाला चिमटा काढून म्हणाली, "सांगायचं न्हाई व्हय गं भवाने?" तीही हसत होती. लाल घागरीला लागलेली ती घागर, ओतलेले हंडे, माळाची वळ, त्यातलं कुणाला काही आठवलं असेल तर चेहऱ्यावर दिसलं नाही. दुसऱ्या दिवशी काकूनं तीच लाल घागर भरून चुलीपाशी ठेवली. माझ्या हातानं केलं तर तो अपराधच नव्हता. तोवर मला पकडलं जाण्याची भीती होती. त्या संध्याकाळी कळलं की मला पकडणारंच कुणी नाही, आणि ती भीती काही वेगळीच होती. ती अजून गेलेली नाही.

पुढं खूप वर्षांनी दिमित्राची मेल आली. सिनेमा कुठं कुठं दाखवला, लोक त्या हाताबद्दल विचारतात, 'किती हळुवार ठेवते ती घागर' म्हणतात. तिनं लिहिलं होतं, 'मी सांगते, हा माझ्या मैत्रिणीचा हात.' मी उत्तर लिहायला बसले, तीनदा खोडलं. शेवटी पाठवलं, 'आभार. इकडं पाऊस बरा आहे.' बरा नव्हता.

पण त्या सिनेमानंतरची सकाळ सांगायची राहिली.

मी सोसायटीत गेले. म्हटलं, तात्या, ती घागर नेऊ का गिरजाची? ते वर्तमानपत्रातून मान वर न काढता म्हणाले, "ने की. कोन न्हाई म्हनतंय?" एवढंच होतं. त्या तीन दिवसांत मी एकदा विचारलं असतं तरी एवढंच झालं असतं का, की नसतं, ते मला कधी कळणार नाही. कपाटाशेजारून मी घागर उचलली. तांबं काळवंडलं होतं. घागर कडेवर घेऊन मी भर रस्त्यानं निंबापर्यंत गेले. लोक बघत होते, कुणी अडवलं नाही. आता मला भर रस्त्यातसुद्धा काही होणार नव्हतं.

गिरजा निंबापलीकडं उभी होती. मी मनात वाक्य जुळवलं होतं, 'गिरजा, माझं चुकलं.' तीनच शब्द. रस्ताभर घोकत आले होते.

तिनं माझ्या हातातून घागर घेतली, आत डोकावून बघितलं, पदरानं पुसली. मग माझ्याकडं बघून हसली, हिरड्या दिसेपर्यंत. मला वाटलं ती शिव्या घालेल. मी शिव्यांची वाट बघत होते.

"लई बरं झालं बगा ताई, तुमी त्यो पिच्चर दावला," ती म्हणाली. "समदे म्हनत व्हते तूच ठिवली, तूच ठिवली. मालकाफुडं म्या बी म्हनले. मंग रातध्याड इचार करीत बसले, ठिवली आसंल का म्याच? पोरीच्या नादात ध्यानात ऱ्हायलं नसंल का? या हाताला इचारायचे मी, खरं सांग. मला वाटलं, डोकं फिरलं आपलं." तिनं तिचा उजवा हात माझ्यापुढं धरला, उसाच्या पानांनी चिरलेला, आणि उलटा-सुलटा करून दाखवला. "न्हाई म्हंजी. ह्यानं न्हाई ठिवली."

माझा हात ओढणीखाली होता. ती वाट बघत असेल, मी काही बोलते का. नसेलही. मग तिनं वाकून घागर निंबापलीकडं, तिच्या जुन्या जागी ठेवली, आत एक धोंडा टाकला, आणि टँकर यायला वेळ आहे म्हणून पोरीकडं निघून गेली.